येवल्याची अंबा, पडद्यावरची खाष्ट सासू

लासूर स्टेशनवरून मनमाडकडे जाणारी गाडी पकडा. रोटेगाव मागे पडलं की नागरसोल येतं, आणि तिथून येवला जवळच. पैठणीमुळे हे नाव तुम्ही हजारदा ऐकलं असेल. पण तुमच्या आजीने टीव्हीसमोर बसून जिला मनसोक्त शिव्या घातल्या, ती 'रामायण'मधली मंथरा याच येवल्याची, हे माहीत होतं का? ललिता पवार. जन्म 18 एप्रिल 1916, पाळण्यातलं नाव अंबा.

ललिताबाई म्हटलं की एक डोळा बारीक करून सुनेकडे बघणारी सासूच आठवते ना? तो डोळा म्हणजे अभिनयाची लकब नव्हती. ती जखम होती.

सुरुवात वेगळीच होती. मूकपटांचा जमाना. 1928 च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये त्या पडद्यावर आल्या, तेव्हा वय जेमतेम बारा. पुढे नायिका झाल्या. बोलपट आल्यावर स्वतःची गाणी स्वतः म्हणायच्या. एवढ्यावर न थांबता चित्रपटनिर्मितीतही उतरल्या. 1938 च्या 'दुनिया क्या है'साठी तर थेट टॉल्स्टॉयच्या कादंबरीचा आधार घेतला होता. विशीतली मराठी मुलगी, साल 1938! आज हे वाचून आपल्यालाच दमायला होतं.

मग आलं 1942. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग चालू होतं. प्रसंगात समोरच्या नटाने त्यांना थोबाडीत मारायची होती. नट होते मास्टर भगवान, म्हणजे पुढे 'अलबेला' काढणारे आपले भगवानदादा. जोराचा अंदाज चुकला. हात असा बसला की डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला. उपचार वर्षानुवर्षं चालले. चेहरा बराचसा सावरला, डावा डोळा मात्र पहिल्यासारखा झालाच नाही.

ऐन पंचविशी-सव्विशीत नायिकेचा चेहरा गेला. त्या काळात (आणि खरं सांगा, आजही) अशा वेळी बाईने गपचूप घरी बसावं असंच सगळ्यांना वाटतं. ललिताबाई बसल्या नाहीत. 1944 मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री'त त्यांनी आनंदीबाई उभी केली. तिथून चरित्र भूमिकांचा रस्ता धरला, तो कायमचा. अधू डोळा त्यांनी लपवला नाही, उलट कामाला लावला. तो नुसता बारीक केला की थिएटरमधल्या सुनांच्या पोटात गोळा यायचा.

पण त्यांना फक्त खाष्ट सासू म्हणणं म्हणजे अन्याय आहे. एकट्या 1955 चे दोन सिनेमे घ्या. 'मिस्टर अँड मिसेस 55'मध्ये भाचीचा संसार होऊ न देणारी श्रीमंत, हट्टी सीतादेवी, आणि 'श्री 420'मध्ये फुटपाथवर केळी विकणारी मायाळू गंगामाई. बाई तीच, यावर विश्वास बसत नाही. 1962 च्या 'प्रोफेसर'मध्ये कडक शिस्तीची मावशी म्हाताऱ्याच्या वेषातल्या शम्मी कपूरवर चक्क भाळते. त्यात त्या लाजतात तेव्हा हसू येतं आणि थोडं पोटात तुटतंही.

माझ्या मते सगळ्यात वरची भूमिका 1959 च्या 'अनाडी'तली मिसेस डिसा. घर भाड्याने देणारी, तोंडाने फटकळ, मनाने आई. राज कपूरच्या राजूवर ओरडत ओरडत त्याच्यावर जीव टाकणारी. सिनेमात ती भेसळीच्या औषधाने मरते आणि आळ येतो राजूवरच. सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर त्यांना याच कामासाठी मिळालं. 1961 मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही आला.

1961 च्या 'संपूर्ण रामायण'मध्ये त्या मंथरा झाल्या होत्याच. रामानंद सागरांनी 1987 मध्ये दूरदर्शनवर 'रामायण' आणलं, तेव्हा तीच भूमिका पुन्हा त्यांच्याकडे आली. वय सत्तर. रविवारी सकाळी अख्खं गाव एका टीव्हीसमोर, आणि कैकेयीचे कान भरणाऱ्या त्या कुबड्या दासीवर सगळे दातओठ खाणार. त्यांच्यासाठी हीच पावती.

जवळपास 70 वर्षं कॅमेऱ्यासमोर काढून 24 फेब्रुवारी 1998 ला ललिताबाई पुण्यात औंधच्या घरी गेल्या. त्या वेळी घरात एकट्याच होत्या.

मंथरा तुम्ही पाहिलीच असेल. या रविवारी 'अनाडी' लावा, आणि आजीलाही शेजारी बसवा.