हँडेलचें ईशस्तवन व दानधर्म

ईश्वराचें स्तवन करणारे पुष्कळ असतात. त्या स्तवनाचें उत्पन्न दीनदुबळ्यांच्या पदरीं घालणारे विरळा. संगीतकार जॉर्ज फ्रेडरिक हँडेल याचें चरित्र आमच्या वाचकांनीं, विशेषतः व्यापारी वर्गानें, या दृष्टीनें अवश्य पाहावें.

हँडेलचा जन्म इ. स. १६८५ मध्यें जर्मनींतील हाले शहरीं झाला. बाप शस्त्रवैद्य, तर आईचे वडील ल्यूथरपंथी धर्मोपदेशक होते. मुलानें वकील व्हावें ही बापाची इच्छा. परंतु मुलानें संगीताची कास धरिली. इटलींत कॅथॉलिक कार्डिनलांचा उदार आश्रय लाभला असतांही त्यानें आपला पंथ सोडिला नाहीं. पुढें लंडनांत स्थायिक होऊन १७२७ मध्यें तो ब्रिटिश प्रजाजन झाला.

संगीत नाटकांच्या धंद्यांत त्यानें पैसा मिळविला, तसा गमाविलाही. १७३७ मध्यें त्याचा उजवा हात लुळा पडला. पण तो सावरला. १७४१ मध्यें अवघ्या २४ दिवसांत त्यानें ‘मेसाया’ हें ख्रिस्तविषयक काव्य स्वरबद्ध केलें. त्याचा पहिला प्रयोग १३ एप्रिल १७४२ रोजीं डब्लिन येथें झाला. जागा पुरावी म्हणून स्त्रियांनीं घेरदार झगे घालून व पुरुषांनीं तरवारी लावून येऊं नये, अशी विनंति करण्यांत आली होती! सुमारें ४०० पौंड जमले. ते दोन रुग्णालयें व कर्जापायीं तुरुंगांत पडलेले लोक यांसाठीं वांटले गेले, आणि १४२ कर्जदार बंधमुक्त झाले. पुढें लंडनच्या अनाथ बालकगृहासाठीं वर्षोवर्ष हाच प्रयोग होऊन हजारों पौंड मिळाले. हँडेलची दृष्टि गेली, तरी हा क्रम खंडला नाहीं.

परंतु चरित्र सांगावयाचें तर तें पुरतें सांगितलें पाहिजे. १७२० मध्यें याच हँडेलचे पैसे गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनींत गुंतलेले होते. ज्याच्या गायनानें डब्लिनचे कर्जदार सुटले, त्यास समुद्रापलीकडील बेड्या दिसल्या नाहींत.

१४ एप्रिल १७५९ रोजीं तो निवर्तला. मृत्युपत्रान्वयें त्यानें विपन्न संगीतकारांच्या निधीस १००० पौंड ठेविले होते. त्याचें औदार्य अनुकरणीय आहे, यांत शंका नाहीं. तथापि दानाच्या वहींत रक्कम मांडतांना ती कोणत्या मार्गानें आली, हेंही ज्यानें त्यानें आपल्या मनास विचारावें. जमा व खर्च या दोन्ही बाजू निर्मळ असतील, तरच धर्माचा हिशेब पुरा झाला असें आम्ही समजूं.