दुर्गाबाई खोटे

इ. स. १९१३ मध्ये दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट काढला, तेव्हा तारामतीची भूमिका करावयास त्यांना एकही स्त्री मिळाली नाही. अखेर उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंके नावाच्या तरुणाला लुगडे नेसवून त्यांनी वेळ निभावून नेली. चित्रपटात काम करणे हे घरंदाज स्त्रीला लांच्छनास्पद आहे, अशीच त्या काळी लोकांची समजूत होती. पुढे काही स्त्रिया पडद्यावर आल्या, तरी ही समजूत पालटली नाही. अशा काळात दुर्गाबाई खोटे या क्षेत्रात उतरल्या.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत झाला. त्यांचे माहेरचे आडनाव लाड. घर सुखवस्तू व सुशिक्षित होते. कॅथेड्रल शाळेत व नंतर सेंट झेवियर्स महाविद्यालयात त्या शिकल्या. ऐन शिक्षणाच्या वयातच खोटे यांच्या श्रीमंत घराण्यात त्यांचा विवाह झाला. बकुल आणि हरीन हे त्यांचे दोन पुत्र. परंतु लवकरच सासरचे वैभव ओसरले. दोन लहान मुलांचे पालनपोषण करण्यासाठी दुर्गाबाईंना स्वतः मिळवणे भाग पडले.

१९३१ साली ‘फरेबी जाल’ या चित्रपटात त्यांना एक लहानसे काम मिळाले. आपल्या वाट्याला आलेल्या प्रवेशापलीकडे त्या चित्रपटात काय आहे, याची त्यांना कल्पना नव्हती. चित्रपट अगदी हीन अभिरुचीचा निघाला. त्यातच जाहिरातींतून त्यांच्या माहेरच्या आणि सासरच्या नावांचा गाजावाजा करण्यात आला होता. मग काय विचारता! दोन्ही घराण्यांवर टीकेचा भडिमार झाला. दुसरी एखादी असती, तर तिने पुन्हा चित्रपटाचे नावही काढले नसते.

नेमके याच वेळी कोल्हापूरच्या प्रभात कंपनीचे व्ही. शांताराम ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटासाठी तारामतीच्या शोधात होते. त्यांनी दुर्गाबाईंना विचारले. झालेली नाचक्की अजून ताजी होती. तरीही दुर्गाबाईंनी होकार दिला. आयुष्यातील सर्वांत धाडसाचा निर्णय म्हणावा तो हाच. त्या काळी पार्श्वगायनाची सोय नव्हती. नटनटींना अभिनय करता करताच गावे लागे. शिवाय हा चित्रपट मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत निघाला. हरिश्चंद्राच्या भूमिकेत गोविंदराव टेंबे यांच्यासारखे कसलेले गायक-नट होते. त्यांच्यासमोर दुर्गाबाई उभ्या राहिल्या, गायल्या आणि यशस्वी झाल्या. १९३२ साली हा बोलपट प्रदर्शित झाला. फाळक्यांना ज्या भूमिकेसाठी स्त्री मिळाली नव्हती, तीच तारामतीची भूमिका एकोणीस वर्षांनी महाविद्यालयात शिकलेल्या, प्रतिष्ठित घरच्या स्त्रीने केली होती.

यानंतर दुर्गाबाईंनी मागे पाहिले नाही. त्या वेळी नटनटी एकाच कंपनीत मासिक वेतनावर बांधलेल्या असत. दुर्गाबाईंनी हे बंधन मानले नाही. त्या कलकत्त्यास गेल्या व तेथे ‘राजरानी मीरा’ आणि ‘सीता’ या चित्रपटांत त्यांनी कामे केली. १९३६ च्या ‘अमर ज्योती’मध्ये त्यांनी सौदामिनी रंगवली. राज्यकर्त्यांच्या अन्यायामुळे पुत्राला मुकलेली आणि सूडासाठी समुद्रावरील चाच्यांची नायिका झालेली ही स्त्री त्यांच्या करारी मुद्रेला फार शोभून दिसली.

रंगभूमीवरही त्यांचे मन रमे. शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’ या नाटकातील त्यांची भूमिका जाणत्यांनी वाखाणली. वय वाढले तशा त्या आईच्या भूमिकांकडे वळल्या. ‘मुघल-ए-आझम’मधील पती व पुत्र यांच्या संघर्षात सापडलेली जोधाबाई ज्यांनी पाहिली, ते तिला विसरणार नाहीत. १९७४ च्या ‘बिदाई’ या चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६८ मध्ये शासनाने त्यांना ‘पद्मश्री’ दिली होती. पुढे १९८३ सालच्या दादासाहेब फाळके पुरस्काराने त्यांचा गौरव झाला.

उतारवयातही त्या स्वस्थ बसल्या नाहीत. लघुपट काढण्यासाठी त्यांनी स्वतःची संस्था स्थापन केली होती. दूरदर्शनचा काळ येताच त्या संस्थेने आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतील सामान्य माणसावर आधारलेली ‘वागले की दुनिया’ ही मालिका तयार केली. १९८८ मध्ये ती घरोघरी पोहोचली. मूकपटाच्या अखेरीस सुरू झालेले त्यांचे काम असे दूरदर्शनपर्यंत चालले. २२ सप्टेंबर १९९१ रोजी, वयाच्या शहाऐंशीव्या वर्षी, दुर्गाबाई निवर्तल्या.