पोलीस नोकरीतून बंडाकडे : नांदूर शिंगोटेच्या भागोजी नाईकांची गोष्ट

सिन्नर : नाशिकहून पुण्याला निघालं की सिन्नरच्या पुढं नांदूर शिंगोटे लागतं. बसमधून उतरून चहा घेणारे, कांदा घेऊन आलेले शेतकरी, असं हे रस्त्यावरचं गाव. याच गावाच्या शिवारात 4 ऑक्टोबर 1857 रोजी इंग्रजांचा एक मोठा पोलीस अधिकारी गोळी लागून पडला. समोर होते इथलेच भिल्ल आणि त्यांचे पुढारी भागोजी नाईक. आज आपण त्यांना क्रांतिवीर म्हणतो आणि ते बरोबरच आहे. पण हे भागोजी नाईक आधी स्वतः सरकारच्या पोलिसात नोकरीला होते, ही गोष्ट सहसा कुणी सांगत नाही. खरं तर त्यांची सगळी कहाणी तिथूनच सुरू होते.

त्या काळात नाशिक हा वेगळा जिल्हा नव्हता. तो 1869 मध्ये झाला. सिन्नरचा कारभार नगरहून चालायचा आणि नाईक नगरच्या पोलिसात अधिकारी होते. भिल्ल आणि पोलीस, हे ऐकायला आज विचित्र वाटेल. पण आपल्या भागात आणि खानदेशात गावची राखण ही पिढ्यान् पिढ्या भिल्लांचीच होती. त्यांना जागल्या म्हणायचे. रात्री गस्त घालायची, चोराचा माग काढायचा, माग दुसऱ्या गावच्या शिवेपर्यंत नेऊन द्यायचा. त्या बदल्यात खळ्यावर धान्याचा वाटा मिळायचा. हातात तीरकमठा, कमरेला तलवार, एखाद्याकडं ठासणीची बंदूक. हत्यार हा त्यांच्या कामाचाच भाग होता. शेतकऱ्याला नांगर तसं.

पेशवाईच्या शेवटी ही घडी विस्कटली. लुटालूट आणि दुष्काळानं गावं ओस पडली, जागल्याचा वाटा बुडाला आणि भिल्ल डोंगराला लागले. सरकारनं त्यांना फार क्रूरपणे मोडून काढलं. कोपरगावात तर विश्वासानं बोलावून कितीतरी भिल्लांना मारलं आणि विहिरींत टाकलं. 1818 ला इंग्रज आले. त्यांनी आधी बंदुकीनं प्रयत्न केला, तो जमेना, तेव्हा दुसरी वाट धरली. 1825 पासून खानदेशात भिल्लांचीच पलटण उभी केली. गणवेश दिला, दरमहा पगार दिला. ज्याच्यापासून भीती, त्यालाच राखणीला ठेवायचं.

इथं एक मोठा बदल झाला, तो लक्षात घ्या. पूर्वी भिल्लाचं पोट गावाशी बांधलेलं होतं. आता ते कचेरीशी बांधलं गेलं. गावातला वाटा कमी झाला तर गावात बसून भांडता यायचं. पगार बंद झाला तर भांडायचं कुणाशी?

नाईकांचं नेमकं तेच झालं. 1855 मध्ये दंगा केला आणि पोलिसांच्या कामात अडथळा आणला म्हणून त्यांना शिक्षा झाली. काल ज्या खात्यात होते, त्याच खात्यानं गुन्हेगार ठरवलं. तुरुंगातून सुटल्यावरही मोकळीक नव्हती. वर्षभर नीट वागेन म्हणून जामीन द्यावा लागला. ते वर्ष त्यांनी काढलं. वर्ष सरलं न सरलं तोच 1857 चं वादळ उठलं आणि सरकारनं सरसकट हत्यारं काढून घेण्याचा हुकूम काढला.

नोकरी गेलेली, वर तुरुंगवासाचा डाग, आणि आता हातातलं हत्यारही जाणार. नाईकांनी घर सोडलं. त्यांच्या शब्दाला समाजात वजन होतं. थोड्याच दिवसांत पन्नासेक भिल्ल त्यांना येऊन मिळाले. गावापासून मैलभरावर, पुणे-नाशिक रस्ता नजरेखाली येईल अशा जागी त्यांनी ठाण मांडलं.

पोलीस सुपरिटेंडेंट लेफ्टनंट हेन्री शिपाई घेऊन नांदूरला आला. आधी सिन्नर आणि संगमनेरच्या मामलेदारांमार्फत निरोप गेला की शरण या. नाईकांचं उत्तर असं होतं की दोन वर्षांचा थकलेला पगार द्या आणि पुढं पोटापाण्याची सोय लावा, तरच येतो. त्यात दिल्लीच्या बादशहाचं नाव नव्हतं, राज्याची मागणी नव्हती. कामावरून काढलेल्या माणसाची ती मागणी होती. म्हणून बंड लहान ठरतं असं मला मुळीच वाटत नाही. उलट, मोठ्या शब्दांत गुंडाळून आपण ही मागणी विसरून गेलो, याचंच वाईट वाटतं.

हेन्रीनं मागणी मानली नाही. तो चालून गेला आणि मारला गेला. बातमी डोंगरात पसरली तशी ठिकठिकाणचे भिल्ल उठले. राहुरीकडं पुताजी नाईकांनी माणसं जमवली. पंधरा दिवसांत अकोल्याच्या डोंगरात समशेरपूरला चकमक झाली. डिसेंबरात हरसूलचा बाजार लुटला गेला. जानेवारी 1858 मध्ये नांदगावच्या मांडवडला भिल्लांच्या दुसऱ्या टोळीनं इंग्रजी फौजेला मोठा तडाखा दिला.

मग सरकारनं पुन्हा जुनीच युक्ती काढली, फक्त माणसं बदलली. अकोले, इगतपुरीच्या डोंगरात महादेव कोळी समाज. त्यांचे राघोजी भांगरे सावकार आणि सरकारविरुद्ध उठले होते. 2 मे 1848 ला त्यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली होती. त्याला दहा वर्षंही झाली नव्हती. तरी डिसेंबर 1857 मध्ये कॅप्टन नटॉलनं याच कोळ्यांची पलटण उभी केली. जावजी नाईक बांबळे तिचे प्रमुख झाले. हिशोब उघड होता. कोळी आणि भिल्लांचं जुनं वैर आहे. कोळ्यांना काम दिलं तर ते बंडात जाणार नाहीत, वर भिल्लांनाही पकडतील.

या पलटणीचं वर्णन सरकारी दप्तरात मोठ्या कौतुकानं केलेलं आहे. गर्द हिरवं पागोटं, हिरवा अंगरखा, गुडघ्यापर्यंत धोतर, पायात वहाणा. तंबू नाही, सामानाचं गाडं नाही. सगळं पाठीवर. दिवसाला तीस-चाळीस मैल डोंगर तुडवायचे आणि मुक्कामाला पोचल्यावर आधी बंदूक पुसायचे. वाचताना अभिमान वाटतो आणि पोटात खड्डाही पडतो. कारण हे सगळं कसब खर्ची पडत होतं शेजारच्या डोंगरातल्या भिल्लाला गाठण्यासाठी.

दोन वर्षं नाईक हाती लागले नाहीत. पण माणसं कमी होत गेली. जुलै 1859 मध्ये संगमनेरजवळ आंभोऱ्याच्या दऱ्यात नटॉलच्या पलटणीनं त्यांना गाठलं. त्यात नाईकांचा मुलगा यशवंत मारला गेला, सोबतचे हरजी नाईक पकडले गेले. त्यानंतरही नाईक थांबले नाहीत. ऑक्टोबरात त्यांच्या टोळीनं कोऱ्हाळे लुटलं. तिथं कुणी गोरा साहेब राहत नव्हता, लुटलं गेलं ते आपल्यासारखंच गाव. फ्लेक्सवर हे लिहीत नाहीत, पण कोऱ्हाळ्याच्या माणसाला ते विसरा असं कोणत्या तोंडानं सांगणार?

लुटीनंतर पाठलाग सुरू झाला. राहुरी, सह्याद्री, खाली कोकणाचा पट्टा असं फिरत नाईक परत आपल्याच तालुक्यात आले. 11 नोव्हेंबर 1859. मिठसागरेच्या बाजूला ओढ्याच्या पात्रात टोळी विसावली होती. नगरचा नवा सुपरिटेंडेंट फ्रँक सूटर याला खबर मिळाली आणि त्यानं घेरा घातला. भिल्ल शेवटपर्यंत लढले. पडलेल्यांत भागोजी नाईक होते. नांदूर शिंगोटे तिथून काही लांब नाही. तोही सिन्नर तालुकाच.

सूटरची पुढं भरभराट झाली. 1864 ला तो मुंबईचा पोलीस कमिशनर झाला आणि 1888 पर्यंत त्या खुर्चीवर राहिला. कोळ्यांची पलटण मार्च 1861 मध्ये मोडली. थोडे पोलिसात गेले, बाकीच्यांना घरी पाठवलं. 1867 ला गावपोलिसांचा कायदा आला. 1878 च्या जंगल कायद्यानं तर लाकूडफाटा आणि चराईसुद्धा परवान्यावर गेली. ती बंदी कोळ्याला जशी लागली तशीच भिल्लालाही.

आज सिन्नर, निफाड, येवल्याच्या भिल्ल वस्त्यांत विचाराल तर कुणी ऊसतोडीला गेलेलं असतं, कुणी धरणावर मासे धरतं, कुणी दुसऱ्याच्या कांद्याच्या शेतात रोजानं असतं. जागल्या हा शब्द नव्या पोरांना समजावून सांगावा लागतो. मार्च 2018 मध्ये नाशिकहून मुंबईला वनजमिनीसाठी हजारो आदिवासी शेतकरी पायी गेले. मागणी होती कसत असलेली जमीन नावावर करा. रस्त्यात कुणी कोळी होतं, कुणी कोकणा, कुणी वारली, कुणी भिल्ल. या खेपेला एकाला दुसऱ्याच्या मागावर कुणी धाडलं नव्हतं.