डिझेलचं पहिलं नाव

मागच्या सेमिस्टरची गोष्ट. आय.सी. इंजिन्सची ओरल चालू होती. एक्स्टर्नल सर वयानं मोठे, आवाज एकदम शांत. (अशा सरांची जास्त भीती वाटते हे तुम्हाला सांगायला नकोच.) मला डिझेल सायकलचा पी-व्ही डायग्राम काढायला सांगितला. तो मी रात्रभर घोकलेला होता, काढला. मग त्यांनी विचारलं की हा डिझेल कोण. मी ठोकून दिलं की डिझेल नावाच्या तेलाचा शोध लावणारा शास्त्रज्ञ. सर नुसते हसले आणि त्याचं पहिलं नाव काय म्हणून विचारलं. मी छताकडे बघितलं. शेजारच्यानं माझ्याकडे बघितलं. आमच्या अख्ख्या बॅचमध्ये एकालाही ते सांगता आलं नाही.

मार्क किती मिळाले ते इथे लिहीत नाही. पण त्या दिवसापासून हा माणूस डोक्यात बसला. लायब्ररीत जे मिळालं ते वाचत गेलो. नाव होतं रुडॉल्फ. पूर्ण नाव रुडॉल्फ ख्रिश्चन कार्ल डिझेल. त्यानं कुठल्याही तेलाचा शोध लावलेला नाही, हे आधीच सांगून ठेवतो. पुढच्या बॅचच्या उपयोगी पडेल.

आता हे रुडॉल्फ म्हणजे काय? तर हे अस्सल जुनं जर्मन नाव, दोन शब्द जोडून केलेलं. ‘ह्रुओड’ म्हणजे कीर्ती आणि ‘वोल्फ’ म्हणजे लांडगा. कीर्तिवंत लांडगा! आपल्याकडे लांडगा म्हटलं की लबाडी आठवते, पण त्या जुन्या टोळ्यांना लांडग्यात लढवय्या दिसायचा. लांडगा, अस्वल, भाला, कीर्ती, तेज असे त्यांचे ठरलेले शब्द होते आणि त्यांच्या जोड्या लावून मुलांची नावं तयार व्हायची. कधी एक तुकडा बापाच्या नावातला, एक आईच्या. त्यामुळे जोडीचा अर्थ नेहमी नीट लागेलच असं नाही. ह्या ‘कीर्ती’ची भावंडं पुष्कळ आहेत. रॉबर्ट म्हणजे कीर्तीनं तेजस्वी, रॉजर म्हणजे कीर्ती आणि भाला. लांडग्याच्या बाजूनं वोल्फगँग आहे, आणि अॅडॉल्फही आहे. अॅडॉल्फचा अर्थ उमदा लांडगा. ते नाव पुढे एका माणसामुळे असं बदनाम झालं की १९४५ नंतर जर्मनीत कोणी ठेवायला धजेना.

रुडॉल्फला मान मिळाला तो १२७३ साली. हाब्सबुर्ग घराण्यातला रुडॉल्फ त्या वर्षी जर्मनांचा राजा म्हणून निवडला गेला आणि ह्या घराण्याची सत्ता पार १९१८ पर्यंत टिकली. त्यामुळे नावाला राजघराण्याचा वास लागला. गंमत बघा, १८५८ ह्या एकाच वर्षात दोन रुडॉल्फ जन्मले. ऑगस्टमध्ये व्हिएन्नाजवळ ऑस्ट्रियाचा युवराज रुडॉल्फ. त्याआधी १८ मार्चला पॅरिसमध्ये आपला रुडॉल्फ, चामड्याच्या वस्तू करणाऱ्या एका कारागिराच्या घरी. युवराजाचा शेवट १८८९ मध्ये मेयरलिंगच्या शिकारखान्यात झाला, त्याच्यावर लोकांनी ढीगभर लिहिलंय. आपल्या कामाचा आणखी एक रुडॉल्फ म्हणजे क्लॉसियस. थर्मोच्या दुसऱ्या नियमाला १८५० मध्ये नीट रूप देणारा आणि १८६५ मध्ये एन्ट्रॉपी हा शब्द घडवणारा (आणि त्याबद्दल आपल्या शिव्या खाणारा) तोच. म्हणजे आपल्या एकाच पुस्तकात दोन रुडॉल्फ बसलेत आणि आपण दोघांनाही आडनावानं हाक मारतो.

डिझेलचे आईबाप मूळ बव्हेरियाचे, पोटासाठी पॅरिसला आलेले. वडील थिओडोर धंद्यानं बुकबाइंडर. पोरगा हातगाडीवरून गिऱ्हाइकांकडे माल पोचवायचा आणि वेळ मिळाला की यंत्रांच्या संग्रहालयात जाऊन उभा राहायचा. शाळेत हुशार. बाराव्या वर्षी ब्राँझचं पदक मिळालं. पुढच्या शाळेत जायचं, तेवढ्यात १८७० चं फ्रान्स-प्रशियाचं युद्ध पेटलं. पॅरिसमधल्या जर्मनांना गाशा गुंडाळावा लागला. डिझेल कुटुंब लंडनला पोचलं, तिथे खाण्याचेही वांधे. शेवटी आईनं बारा वर्षांच्या रुडॉल्फला जर्मनीत ऑग्सबर्गला नातेवाइकांकडे धाडलं. हे काका तिथल्या औद्योगिक शाळेत गणित शिकवायचे. पॅरिसमध्ये जर्मन म्हणून नकोसा, जर्मनीत पॅरिसचा म्हणून उपरा. आपण पहिल्या वर्षी होस्टेलवर आल्यावर आठवडाभर रडवेले असतो, तेव्हा त्याचं काय झालं असेल! चौदाव्या वर्षी त्यानं घरी कळवून टाकलं की मी इंजिनिअर होणार. घरच्यांना वाटत होतं, पोरानं लवकर कमवायला लागावं. पण १८७५ मध्ये म्युनिकच्या पॉलिटेक्निकची शिष्यवृत्ती मिळाली आणि प्रश्न मिटला.

म्युनिकला त्याला गुरू भेटले कार्ल फॉन लिंडे, रेफ्रिजरेशनवाले. लिंडे एकदा वर्गात सांगत होते की वाफेचं इंजिन कोळशातली उष्णता जेमतेम सहा ते दहा टक्के कामाला लावतं, बाकी सगळी वाया. आणि कार्नोच्या हिशेबानं ह्याच्या कितीतरी पट काम निघायला हवं. आपल्यालाही हे लेक्चर झालंय. आपण ते उतरवून घेतलं आणि चहाला गेलो. ह्यानं वहीच्या समासात स्वतःसाठी टिपण करून ठेवलं की कार्नोची ती समतापी प्रक्रिया खरोखर करता येते का ते बघायचं. ते टिपण त्याच्या डोक्यातून पुढे कधी गेलंच नाही.

एक गोष्ट के.टी. वाल्यांसाठी. १८७९ च्या जुलैत त्याची परीक्षा हुकली. कारण टायफॉइड. (मेसचं पाणी असेल का?) मधल्या काळात स्वित्झर्लंडला विंटरथूरच्या सुल्झर कारखान्यात हातानं काम शिकला आणि जानेवारी १८८० मध्ये परीक्षा देऊन सर्वोच्च गुण घेऊन बाहेर पडला.

मग दहा वर्षं पॅरिसला लिंडेंच्या बर्फाच्या कारखान्यात नोकरी. १८८३ मध्ये मार्थाशी लग्न, पुढे तीन मुलं. थोरल्याचं नावही रुडॉल्फच ठेवलं. नोकरी सांभाळून अमोनियाच्या वाफेवर चालणारं इंजिन करण्यात वर्षानुवर्षं घालवली, ते काही जमलं नाही. १८९० मध्ये बर्लिनला बदली. तिथे विचार पालटला. अमोनिया सोडा, हवाच दाबायची. सायकलला पंपानं हवा भरताना पंपाचं खालचं टोक तापतं, हे आपण लहानपणापासून बघतो. तेच जोरात करायचं. हवा इतकी दाबायची की ती लालबुंद लोखंडासारखी तापेल, मग आत इंधन सोडायचं. ठिणगी नको, प्लग नको, ते आपोआप पेटणार. २७ फेब्रुवारी १८९२ रोजी पेटंटचा अर्ज केला, पुढच्या वर्षी पुस्तक काढलं.

आता खरी गोष्ट. त्या पुस्तकातलं इंजिन कधीच चाललं नाही! कागदावर त्यानं २५० अॅटमॉस्फिअर दाब धरला होता आणि इंधन इतकं हळू जाळायचं होतं की तापमान वाढूच नये. असं इंजिन सगळी ताकद हवा दाबण्यातच खर्च करून बसलं असतं. हे त्याच्याच लक्षात आलं आणि १८९३ संपायच्या आत त्यानं दुसऱ्या पेटंटचा अर्ज केला. आपण डिझेल सायकलमध्ये उष्णता स्थिर दाबाला देतो, ती ह्या माघारीतून आलेली आहे. पहिलं पेटंट एक सांगतं आणि मशीन दुसरंच करतं, हे त्याच्या विरोधकांनी त्याला शेवटपर्यंत ऐकवलं. मला मात्र तो सगळ्यात मोठा इथेच वाटतो. आपलं एक रीडिंग ग्राफवर बसलं नाही तर आपण काय करतो ते आपल्याला माहीत आहे.

ऑग्सबर्गच्या मशीन फॅक्टरीनं आणि क्रुपनं पैसा घातला. १० ऑगस्ट १८९३ रोजी पहिल्यांदा सिलिंडरमध्ये इंधन सोडलं. इतका जोराचा स्फोट झाला की दाब मोजायचा इंडिकेटरच फुटून उडाला. माणसं थोडक्यात वाचली. पण एक कळलं की इंधन नुसत्या दाबानं पेटतं. १७ फेब्रुवारी १८९४ ला इंजिन पहिल्यांदा स्वतःच्या जोरावर फिरलं, मिनिटाला ८८ फेरे, आणि तेही जेमतेम एक मिनिट. सांगतात की बाहेरून फिरवणारा पट्टा आता उलटा ओढला जातोय हे आधी तिथल्या मिस्त्रीला दिसलं आणि त्यानं काही न बोलता डोक्यावरची टोपी काढली. त्यानंतर आणखी तीन वर्षं. इंधन आत फवारायला पंप पुरेना म्हणून दाबलेल्या हवेनं फवारायची सोय केली. नोझल बदल, पिस्टन बदल, पुन्हा खोल. फेब्रुवारी १८९७ मध्ये प्राध्यापक श्र्योटर ह्यांनी अधिकृत चाचणी घेतली. एक सिलिंडर, सुमारे २० अश्वशक्ती, कार्यक्षमता २६.२ टक्के. वाफेच्या इंजिनाच्या अडीच-तीन पट. ते मशीन म्युनिकच्या डॉइचेस म्युझियममध्ये ठेवलेलं आहे.

मशीनला नाव काय द्यायचं ह्यावर त्यानं बराच खल केला. डेल्टा, एक्सेल्सियर अशी भारदस्त नावं मनात होती. मार्थानं सुचवलं की सरळ तुझंच नाव दे, आणि ते ‘डिझेल मोटर’ झालं. असं त्याच्या चरित्रांत येतं. तिनं आडनावाऐवजी रुडॉल्फ सुचवलं असतं तर आज पंपावर आपण दोनशेचं रुडॉल्फ टाका म्हटलं असतं.

पुढचं आयुष्य मला वाचवत नव्हतं. परवाने विकून लाखो मार्क आले. म्युनिकला राजवाड्यासारखं घर बांधलं. पण पहिली इंजिनं गिऱ्हाइकांकडे बंद पडायला लागली, पेटंटवरून भांडणं झाली, तब्येत ढासळली, काही काळ रुग्णालयात राहावं लागलं. जमिनींच्या आणि तेलाच्या व्यवहारांत पैसा बुडाला. हिशेबात हा माणूस कच्चा, म्हणजे थर्मोचा हिशेब सोडून. कामगारांनी थोडे थोडे पैसे जमवून स्वतःचे कारखाने काढावेत अशी एक योजना त्यानं १९०३ मध्ये पुस्तकरूपात मांडली. इंजिनापेक्षा हेच आपलं मोठं काम असं त्याला वाटायचं. दहा हजार प्रती छापल्या, खपल्या साधारण तीनशे. १९०० च्या पॅरिस प्रदर्शनात त्याच्या धर्तीचं एक इंजिन चक्क शेंगदाण्याच्या तेलावर चालवून दाखवलं होतं. ज्यांच्याकडे खनिज तेल नाही त्यांच्या शेतातलं तेल एक दिवस इंजिनांना उपयोगी पडेल, असा विचार त्यानं १९१२ मध्ये मांडला. पेटंटची मुदत संपली आणि नेमका तेव्हाच इंजिनाचा सुकाळ झाला. अमुंडसेनच्या ‘फ्राम’ जहाजात डिझेल, १९१२ च्या ‘सेलँडिया’ ह्या महासागरी जहाजात डिझेल. नाव जगभर आणि खातं रिकामं.

२९ सप्टेंबर १९१३ ला तो अँटवर्पहून ‘ड्रेस्डेन’ बोटीनं इंग्लंडला निघाला. सोबत दोन सहकारी होते. इप्सविचला नव्या कारखान्याचा कार्यक्रम होता. तिघं नीट जेवले, रात्री दहाच्या सुमारास झोपायला गेले. सकाळी सव्वासहाला उठवा असं त्यानं सांगून ठेवलं होतं. सकाळी बिछाना तसाच होता, रात्रीचे कपडे घडी घालून ठेवलेले. मागच्या डेकच्या कठड्याजवळ टोपी आणि ओव्हरकोट सापडला. साधारण दहा दिवसांनी एका डच बोटीला समुद्रात प्रेत दिसलं. खवळलेल्या पाण्यात त्यांनी खिशातल्या वस्तू तेवढ्या घेतल्या. गोळ्यांची डबी, पाकीट, चष्म्याचं घर वगैरे. धाकटा मुलगा ऑयगेन ह्यानं त्या ओळखल्या. वय होतं ५५.

जायच्या आधी त्यानं मार्थाला एक बॅग देऊन आठवड्यानं उघडायला सांगितलं होतं. तिच्यात २०,००० मार्क होते आणि बँकेत काही उरलं नसल्याचे कागद. तेलसम्राटांनी मारलं, जर्मन हेरांनी मारलं, अशा कथा तेव्हापासून आजपर्यंत निघतात. बहुतेक चरित्रकारांना तसं वाटत नाही. मलाही ती बॅग वाचल्यावर वाटेनासं झालं. आपल्या माणसांपैकी एकालाही त्यानं आपण बुडालोय हे सांगितलं नव्हतं, ह्याचा मला रागही आला.

ऑग्सबर्गला एका बागेत त्याच्या नावानं दगडांचं एक स्मारक आहे. ते उभं केलं १९५७ मध्ये एका जपानी माणसानं, यानमार कंपनीच्या यामाओका ह्यांनी. त्यांनी आयुष्य छोटी डिझेल इंजिनं करण्यात घालवलं. दोघांची कधी गाठ पडली नव्हती. त्या बागेच्या नावात मात्र रुडॉल्फ आहे.

ह्या सेमिस्टरला तेच एक्स्टर्नल पुन्हा आले. आमची बॅच तयारीत होती, रुडॉल्फ ख्रिश्चन कार्ल सगळ्यांना पाठ. त्यांनी ऑटो सायकल काढायला लावली आणि ऑटोचं पहिलं नाव विचारलं. निकोलाउस. हे मला ठाऊक होतं, म्हणून जोशात पुढे सांगून टाकलं की ऑटो हेसुद्धा मुळात जर्मन मुलाचं पहिलंच नाव आहे आणि त्याचा अर्थ संपत्ती. सर म्हणाले, आता ग्राफ काढा. तो मात्र मी ह्या वेळी घोकला नव्हता.