योहानेस पेटर म्युलर

योहानेस पेटर म्युलर (१४ जुलै, इ.स. १८०१:कोब्लेंझ - २८ एप्रिल, इ.स. १८५८:बर्लिन) हे जर्मन शरीरक्रियावैज्ञानिक, तुलनात्मक शरीररचनाशास्त्रज्ञ व सागरी प्राणिशास्त्रज्ञ होते. मानवी शरीरक्रियाविज्ञानावरील त्यांचा ग्रंथ एकोणिसाव्या शतकात प्रमाणभूत मानला गेला. आयुष्याच्या उत्तरार्धात त्यांनी तारामासा, भंगुरतारा, समुद्री अर्चिन, समुद्रकाकडी इत्यादी कंटकचर्मी (एकायनोडर्माटा) प्राण्यांची शरीररचना, सांगाडा आणि वाढ यांचा सखोल अभ्यास केला. पाच समान भागांत विभागलेले शरीर असणारे हे प्राणी बाल्यावस्थेत डावी व उजवी बाजू असलेल्या, पूर्णतः वेगळ्या दिसणाऱ्या डिंभाच्या रूपात जगतात आणि त्यातूनच त्यांचे प्रौढ शरीर घडते, हे त्यांनी व्यापक प्रमाणावर दाखवून दिले.

== बालपण आणि शिक्षण ==

म्युलर यांचा जन्म ऱ्हाईन व मोझेल या नद्यांच्या संगमावरील कोब्लेंझ या गावी एका चांभाराच्या घरी झाला. त्या वेळी हे गाव फ्रेंच सत्तेखाली होते. पुढे ते प्रशियाकडे गेले. घरची परिस्थिती बेताची असली तरी म्युलर यांचे शालेय शिक्षण उत्तम झाले. ग्रीक व लॅटिन या भाषांवर त्यांनी लवकरच प्रभुत्व मिळवले. कॅथलिक धर्मगुरू व्हावे असे त्यांना काही काळ वाटत होते, परंतु इ.स. १८१९ मध्ये बॉन विद्यापीठात प्रवेश घेताना त्यांनी वैद्यकशास्त्राची निवड केली. इ.स. १८२२ मध्ये त्यांना डॉक्टरेट मिळाली.

त्यानंतर सुमारे दीड वर्ष त्यांनी बर्लिन येथे कार्ल आस्मुंड रुडोल्फी यांच्या हाताखाली काढले. जर्मनीत त्या काळी निसर्गाविषयी तात्त्विक कल्पना रचण्याची प्रथा जोरात होती आणि तरुण म्युलर यांच्यावरही तिचा पगडा होता. रुडोल्फी यांच्या सहवासात तो ओसरला. प्रत्यक्ष निरीक्षण, शवविच्छेदन आणि सूक्ष्मदर्शक यांवरच भिस्त ठेवण्याची शिस्त त्यांनी अंगी बाणवली.

== शरीरक्रियाविज्ञानातील कार्य ==

इ.स. १८२४ पासून म्युलर बॉन येथे अध्यापन करू लागले व इ.स. १८३० मध्ये पूर्णवेळ प्राध्यापक झाले. इ.स. १८२६ मध्ये दृष्टीविषयीचे त्यांचे दोन ग्रंथ प्रसिद्ध झाले. कोणत्याही ज्ञानेंद्रियाची मज्जा कशानेही उद्दीपित झाली तरी ती आपल्या ठरावीक प्रकारचीच संवेदना देते, हा नियम त्यांनी मांडला. डोळ्यावर प्रकाश पडो, बोटाचा दाब पडो वा विजेचा झटका बसो, जाणीव होते ती प्रकाशाचीच. स्वतःच्या डोळ्यांवर व संवेदनांवर केलेल्या अतिरेकी प्रयोगांचा आणि अविश्रांत श्रमांचा परिणाम होऊन इ.स. १८२७ मध्ये त्यांची प्रकृती पूर्ण ढासळली. याच वर्षी त्यांचा नॅनी झाइलर यांच्याशी विवाह झाला. खिन्नतेचे असे झटके पुढेही त्यांना येत राहिले.

गर्भाच्या जननेंद्रियांच्या विकासावरील त्यांचे पुस्तक इ.स. १८३० मध्ये आले. स्त्रीगर्भातील ज्या नलिकेपासून गर्भाशय व अंडवाहिन्या तयार होतात, तिला आजही म्युलर नलिका असे नाव आहे. इ.स. १८३१ मध्ये बेडकावरील प्रयोगांनी त्यांनी मेरुमज्जेच्या पुढच्या मुळांतून हालचालीचे आणि मागच्या मुळांतून संवेदनेचे तंतू जातात, हे निर्विवाद सिद्ध केले.

रुडोल्फी यांच्या निधनानंतर इ.स. १८३३ मध्ये म्युलर बर्लिन विद्यापीठात त्यांच्या जागी आले. त्याच वर्षी त्यांच्या शरीरक्रियाविज्ञानावरील ग्रंथाचे प्रकाशन सुरू झाले, ते इ.स. १८४० मध्ये पूर्ण झाले. टेओडोर श्वान, याकोब हेन्ले, रुडॉल्फ फिर्शो, हेर्मान फॉन हेल्महोल्ट्झ, एमिल ड्यू ब्वा-रेमाँ, एर्न्स्ट हेकेल हे त्यांचे विद्यार्थी होत.

== प्राणिशास्त्राकडे ==

इ.स. १८४० च्या सुमारास म्युलर यांचे लक्ष मानवी शरीराकडून प्राणिसृष्टीकडे वळले. शरीरक्रियाविज्ञान आता भौतिकी व रसायनशास्त्र यांच्या वाटेने जाऊ लागले होते. ही वाट त्यांच्याच शिष्यांनी पुढे रुंद केली. म्युलर यांचा स्वतःचा ओढा मात्र आकार व रचना यांच्या तुलनेकडे होता.

हेन्ले यांच्यासमवेत त्यांनी शार्क व पाकट यांच्या वर्गातील माशांवर मोठा ग्रंथ लिहिला. भारतातील प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या प्रयोगशाळेत विच्छेदिलेली स्कोलिओडॉन ही मुशी याच दोघांनी नामकरण केलेल्या प्रजातीतील आहे. महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर सापडणाऱ्या स्कोलिओडॉन लॅटिकॉडस या जातीच्या शास्त्रीय नावापुढे आजही म्युलर व हेन्ले यांची नावे लिहिली जातात. एका जातीच्या शार्कमध्ये गर्भ नाळेने मातेशी जोडलेला असतो, हे ॲरिस्टॉटलचे विधान शतकानुशतके अविश्वसनीय वाटत होते. म्युलर यांनी इ.स. १८४२ मध्ये ते खरे असल्याचे दाखवले.

त्याच वर्षी फ्रान्झ हेर्मान ट्रोशेल यांच्यासह तारामासे व भंगुरतारे यांच्या वर्गीकरणावरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. त्याच सुमारास त्यांनी देठावर उभ्या राहणाऱ्या समुद्रलिलीच्या रचनेचा अभ्यास केला. या प्राण्यांचे जीवाश्म युरोपातील खडकांत विपुल होते, पण जिवंत प्रकारांचे नमुने फारच दुर्मिळ होते.

== हेल्गोलँड येथील शोध ==

इ.स. १८४५ च्या शरद ऋतूत म्युलर आपल्या काही विद्यार्थ्यांसह उत्तर समुद्रातील हेल्गोलँड या लहानशा बेटावर गेले. तेथील पाणी सूक्ष्मदर्शकाखाली पाहताना त्यांना एक विलक्षण पारदर्शक जीव आढळला. चित्रकाराच्या तिपाईसारखा त्याचा आकार होता, त्याला लांब बाहू होते आणि प्रत्येक बाहूला आतून चुनखडीच्या नाजूक काडीचा आधार होता. हा प्राणी कोणत्या गटातील, याचा उलगडा त्या वेळी झाला नाही. म्युलर यांनी त्याला प्लुटिअस पॅराडॉक्सस, म्हणजे कोड्यात टाकणारा प्लुटिअस, असे नाव दिले.

पुढील वर्षी ते पुन्हा हेल्गोलँडला गेले, तेव्हा कोडे सुटले. त्या पारदर्शक शरीरात एक इवलासा भंगुरतारा आकार घेत होता. कोड्यात टाकणारा तो जीव स्वतंत्र प्राणी नसून भंगुरताऱ्याचा डिंभ होता. समुद्री अर्चिनाचे डिंभही याच ठेवणीचे असल्याचे त्यांना दिसले. त्यांच्या काड्यांच्या सांगाड्याचा प्रौढ कवचाशी आकाराने काहीही मेळ नव्हता. डिंभाच्या एका बाजूस लहानशी चकती तयार होते, तिच्यावर काटे आणि नलिकापाद उमटतात, आणि नवे शरीर वाढत जाते तसतसे डिंभाचे बाहू झडतात किंवा शोषले जातात.

यानंतर जवळजवळ दहा वर्षे म्युलर दर सुट्टीत समुद्रकिनारी जात राहिले. ऑस्टेंड, मार्सेय, नीस, त्रिएस्ते, मेसिना अशा अनेक ठिकाणी त्यांनी काम केले. बारीक कापडाची जाळी नावेमागून ओढून पृष्ठभागावरचे सूक्ष्म जीव गोळा करण्याची त्यांची पद्धत पुढे प्लवकांच्या अभ्यासाचे मुख्य साधन बनली. कंटकचर्मी प्राण्यांच्या डिंभांवर त्यांनी एकूण सात प्रबंध लिहिले.

== सांगाडा व शरीररचनेविषयी विचार ==

कंटकचर्मी प्राण्यांचा सांगाडा खेकड्याच्या कवचासारखा बाहेर नसतो. तो त्वचेखाली असतो आणि चुनखडीच्या सच्छिद्र पट्टिकांचा बनलेला असतो. समुद्री अर्चिनामध्ये या पट्टिका घट्ट जुळून गोल कवच होते. तारामाशात त्या सांध्यांनी जोडलेल्या असल्यामुळे बाहू वाकतात. समुद्रकाकडीत मात्र त्या इतक्या लहान होतात की बहुधा सूक्ष्मदर्शकाशिवाय दिसत नाहीत. गोल, ताराकृती आणि लांबट अशा या शरीरांचा मूळ आराखडा एकच कसा, हा म्युलर यांच्यापुढील प्रश्न होता. इ.स. १८५४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या कंटकचर्मींच्या रचनेवरील प्रबंधात त्यांनी याचे उत्तर शोधले. मुखापासून निघणाऱ्या नलिकापादांच्या पाच रांगा व त्यांच्या आतील जलवाहिन्या यांना आधार मानून त्यांनी सर्व गटांतील भाग एकमेकांशी जुळवून दाखवले.

फ्रेंच शास्त्रज्ञ जॉर्ज क्युव्हिए यांनी तारामासे आणि जेलीफिश यांना अरीय शरीराच्या प्राण्यांच्या एकाच विभागात ठेवले होते. कंटकचर्मींचे डिंभ द्विपार्श्व सममितीचे असतात आणि पाच भागांची रचना नंतर येते, हे दिसल्यावर केवळ बाह्य साम्यावर आधारलेल्या या विभागाचा पाया डळमळला. रुडॉल्फ लॉयकार्ट यांनी याच काळात हे दोन गट वेगळे केले. कंटकचर्मी प्राणी पृष्ठवंशी प्राण्यांचे दूरचे आप्त आहेत, या आजच्या समजुतीलाही डिंभांच्या अभ्यासाचा आधार आहे.

== पेच व चुका ==

म्युलर यांची मुख्य पद्धत जाळ्यात सापडलेल्या वेगवेगळ्या अवस्था क्रमाने लावण्याची होती. एकाच जीवाची अंड्यापासून प्रौढापर्यंत अखंड वाढ पाहणे त्या काळी क्वचितच शक्य होते. या पद्धतीने त्यांना मोठे यश दिले, तशी चूकही पदरात टाकली. टोर्नारिआ नावाच्या डिंभाला त्यांनी साम्यावरून कंटकचर्मींत गणले. तो बॅलॅनोग्लॉसस या कृमिसदृश प्राण्याचा डिंभ असल्याचे त्यांच्या मृत्यूनंतर एली मेचनिकॉफ यांनी दाखवले.

दुसरा पेच अधिक क्लेशदायक ठरला. इ.स. १८५१ मध्ये त्रिएस्ते येथे सिनॅप्टा या समुद्रकाकडीच्या शरीरात त्यांना नळीसारख्या पिशव्या व त्यांत शंख असलेल्या लहान गोगलगाई आढळल्या. एका प्राण्याच्या पोटी दुसऱ्याच संघातील प्राणी जन्मतो की काय, या शंकेने त्यांना ग्रासले. तसे असते तर सजीवांच्या जाती स्थिर असतात हा त्यांचा विश्वासच ढासळला असता. ती गोगलगाय केवळ परजीवी आहे, हे पुढे निश्चित झाले.

== अखेरची वर्षे ==

इ.स. १८४८ च्या क्रांतीच्या वेळी म्युलर बर्लिन विद्यापीठाचे रेक्टर होते. सशस्त्र विद्यार्थी आणि शासन यांच्यामध्ये उभे राहून विद्यापीठाची इमारत व संग्रह सांभाळण्याच्या ताणाने ते खचले व त्यांना दीर्घ रजा घ्यावी लागली.

इ.स. १८५४ मध्ये त्यांना लंडनच्या रॉयल सोसायटीचे कॉप्ली पदक मिळाले. पुढच्याच वर्षी सप्टेंबर महिन्यात नॉर्वेहून परतताना त्यांची आगबोट रात्री दुसऱ्या आगबोटीवर आदळून बुडाली. म्युलर बराच वेळ पोहत राहिल्याने वाचले. त्यांच्यासोबतचा एक तरुण विद्यार्थी मात्र बुडाला. या दुःखातून ते पूर्णपणे कधीच सावरले नाहीत. यापुढे त्यांनी जहाजाचा प्रवास टाळला, पण भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावर काम चालूच ठेवले.

या शेवटच्या काळात त्यांनी एकपेशीय सागरी जीवांच्या काचेसारख्या सांगाड्यांचा अभ्यास केला आणि त्या गटाला रेडिओलॅरिया हे नाव दिले. त्यांपैकी अकँथोमेट्रा व तत्सम जीवांच्या २० काट्यांची मांडणी ठरावीक भौमितिक क्रमाने असते, हे त्यांनी ओळखले. या क्रमाला म्युलरचा नियम म्हणतात.

२८ एप्रिल, इ.स. १८५८ रोजी सकाळी म्युलर बिछान्यात मृतावस्थेत आढळले. आपले शवविच्छेदन करू नये, अशी त्यांची इच्छा असल्याने मृत्यूचे कारण अनिश्चितच राहिले. आत्महत्येची शंका काही समकालीनांनी घेतली. तिला पुरावा नाही.

== वारसा ==

एकट्या म्युलर यांनी सांभाळलेले अध्यापन त्यांच्यानंतर विभागावे लागले; शरीररचनाशास्त्र कार्ल बोगिस्लाउस राइशर्ट यांच्याकडे, तर शरीरक्रियाविज्ञान ड्यू ब्वा-रेमाँ यांच्याकडे गेले. इ.स. १८५४ मध्ये म्युलर यांच्यासोबत हेल्गोलँडला गेलेल्या हेकेल यांनी रेडिओलॅरियाचा अभ्यास पुढे नेऊन इ.स. १८६२ मध्ये त्यावर बृहद्‌ग्रंथ प्रसिद्ध केला. कोब्लेंझ येथे इ.स. १८९९ मध्ये म्युलर यांचा पुतळा उभारण्यात आला. त्यांनी दिलेले प्लुटिअस हे नाव भंगुरतारा व समुद्री अर्चिन यांच्या डिंभांसाठी जगभरच्या पाठ्यपुस्तकांत आजही रूढ आहे.