सालिम अली : किहीमच्या बांडगुळापासून भरतपूरच्या म्हशींपर्यंत

१९३० साली सालिम अली बर्लिनहून मुंबईस परतले, तेव्हा त्यांची नोकरी उरली नव्हती. प्रिन्स ऑफ वेल्स वस्तुसंग्रहालयातील मार्गदर्शक-व्याख्यात्याचे त्यांचे पद पैशांअभावी रद्द झाले होते. वयाचे चौतिसावे वर्ष, हाती विद्यापीठाची पदवी नाही आणि पक्ष्यांच्या अभ्यासावर पोट भरण्याची देशात सोय नाही, अशा अवस्थेत ते पत्नी तेहमिना यांच्यासह अलिबागजवळच्या किहीम गावी राहावयास गेले. भारतीय पक्षिशास्त्राला ही बेकारी फार फलदायी ठरली.

त्यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८९६ रोजी मुंबईत एका सुलेमानी बोहरा कुटुंबात झाला. बालपणीच आई-वडिलांचे छत्र हरपले आणि मामा अमिरुद्दीन तय्यबजी यांनी खेतवाडीतल्या घरी त्यांना वाढविले. बालवयात छऱ्याच्या बंदुकीने पाडलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा ठिपका दिसला. ती कोणती, हे विचारावयास हा मुलगा बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत गेला आणि तेथील सचिव मिलार्ड यांनी त्याच्यापुढे पेंढा भरलेल्या पक्ष्यांचे कप्पे उघडले. ही कथा पाठ्यपुस्तकांतून सर्वांना ठाऊक आहे. किहीमची कथा तितकीशी ठाऊक नाही, आणि अधिक मोलाची तीच आहे.

किहीमच्या घराजवळ सुगरण पक्ष्यांची वसाहत होती. सालिम अली महिनोन्महिने तिच्यासमोर बसून राहिले. मराठीने या पक्ष्याला स्त्रीलिंगी नाव दिले असले, तरी विणकाम सारे नराचे. नर घरटे अर्धवट विणतो, मादी येऊन ते पारखते, पसंत पडले तर त्यात राहते आणि मग नर ते पुरे करतो. एवढे झाले की तो शेजारीच दुसरे घरटे विणावयास घेतो आणि दुसऱ्या मादीची वाट पाहतो. कातडी सोलून पेटीत ठेवलेल्या पक्ष्याकडून हे कधीच कळले नसते. त्या काळचे बहुतेक पक्षिशास्त्र मात्र अशा पेट्यांतच नांदत होते.

याच सुमारास त्यांनी कोकणातल्या आंब्यांवरील बांडगुळाकडे लक्ष वळविले. बागाईतदार बांडगुळाला शत्रू मानतो, आणि ते खोटे नाही. ते झाडाच्या फांदीत मूळ खुपसून पाणी व क्षार ओढून घेते. पण ते एका झाडावरून दुसऱ्यावर जाते कसे? सालिम अलींनी दोन इवल्या पक्ष्यांचा माग काढला. शिंजीर बांडगुळाच्या नळीसारख्या फुलांतला मध पितो आणि परागकण एका फुलावरून दुसऱ्यावर नेतो. फुलटोच्या त्याची पिकली फळे गिळतो. बी चिकट असल्याने विष्ठेतून सहजी सुटत नाही, म्हणून पक्षी ते फांदीवर घासून टाकतो आणि बी नेमके रुजावयास हव्या त्या जागी चिकटते. एकाने फळ धरण्यास साह्य करावे, दुसऱ्याने पेरणी करावी, आणि मजुरी म्हणून दोघांना अन्न मिळावे, असा हा व्यवहार आहे. आंबा कन्हानकाठच्या रामाकोन्याचा असो वा डिचोलीचा, त्यावरचे बांडगूळ असेच कुणा पक्ष्याच्या भरवशावर पसरते. यावरचा त्यांचा निबंध सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला.

पुढची कीर्ती सर्वपरिचित आहे. हैदराबाद, त्रावणकोर-कोचीन, मध्य भारत येथील पक्ष्यांच्या पाहण्या, १९३९ मध्ये तेहमिनांचा अकाली मृत्यू, १९४१ चे भारतीय पक्ष्यांवरील पुस्तक, डिलन रिप्ली यांच्यासह सिद्ध केलेला दहा खंडांचा ग्रंथ, १९७६ ची पद्मविभूषण. त्याच वर्षी गोव्याच्या पक्ष्यांवर त्यांचा एक संयुक्त निबंधही आला. त्यांच्या निधनानंतर १९८८ मध्ये चोडणच्या खारफुटीतील १.७८ चौरस किलोमीटरच्या अभयारण्याला त्यांचे नाव मिळाले.

सत्तरीने ज्याची झळ सोसली, त्या माकडतापाशीही त्यांचा संबंध आला होता. १९५७ मध्ये शिमोगा जिल्ह्यातील क्यासनूरच्या जंगलात हा रोग आढळला, तेव्हा गोचिडींसह त्याचा विषाणू उत्तरेकडून येणारे स्थलांतरित पक्षी आणत असावेत, अशी शंका निघाली. त्या शोधासाठी जागतिक आरोग्य संघटनेचे साह्य मिळाले आणि सोसायटीचे पक्ष्यांच्या पायांत कडी घालण्याचे काम मोठ्या प्रमाणावर सुरू झाले.

भरतपूरचे प्रकरण मात्र चरित्रकार घाईने उरकतात. केवलादेवची दलदल मुळात माणसानेच बांध घालून घडविलेली, संस्थानिकांच्या बदकशिकारीची जागा. स्वातंत्र्यानंतर ती आटवून शेतीला देण्याची मागणी झाली, तेव्हा सालिम अलींनी नेहरूंपर्यंत जाऊन ती वाचविली. पण आसपासच्या गावांच्या म्हशी तेथे चरत. त्यांचा पक्ष्यांना उपद्रव होतो, असे सालिम अली आणि सोसायटी यांचे मत होते. १९८२ मध्ये राष्ट्रीय उद्यानात चराई बंद झाली. गावकरी चवताळले, पोलिसांनी गोळीबार केला आणि काही जण जिवास मुकले.

त्यानंतर जे झाले, ते किहीमच्या निरीक्षकाच्या नजरेस शोभणारे होते. चरणाऱ्या तोंडांअभावी पाण्यात गवत माजले. उघडे पाणी आक्रसले, मासे कमी झाले, आणि बदकांना व इतर पाणपक्ष्यांना पोहावयास आणि टिपावयास जागा उरेना. म्हैस तेथे परकी नव्हती. गवत आटोक्यात ठेवण्याचे काम ती करीत होती. हा निष्कर्ष सोसायटीच्याच शास्त्रज्ञांनी दहा वर्षांच्या अभ्यासाअंती काढला, आणि त्या अभ्यासाची सुरुवात सालिम अलींच्याच हयातीत झाली होती. बांडगुळासारख्या उपद्रवी वाटणाऱ्या वनस्पतीचे नाते ज्यांनी इतक्या धीराने उलगडले, त्यांनी म्हशीच्या बाबतीत तो धीर धरला नाही, याची खंत त्यांच्या चाहत्यालाही वाटल्यावाचून राहत नाही.

अहवाल पुरा होण्यापूर्वीच, २० जून १९८७ रोजी, सालिम अलींचे मुंबईत निधन झाले. चराईवरील बंदी पुढेही कायम राहिली. गावकऱ्यांना मात्र हाताने गवत कापून नेण्याची परवानगी मिळू लागली.