संघातून वगळलेला आघाडीवीर

१० एप्रिल १९३३ रोजी जर्मनीतील कार्ल्सरूह शहरातल्या एका माणसाने आपल्या फुटबॉल क्लबला पत्र लिहिले. ते क्लबच्या सभासदत्वाचा राजीनामा देणारे पत्र होते. वयाच्या दहाव्या वर्षी, १९०२ मध्ये, तो या क्लबात दाखल झाला होता. क्लबच्या आणि देशाच्या रंगात तो खेळला होता, देशासाठी चार वर्षे महायुद्धातही लढला होता. आता मात्र दक्षिण जर्मनीतील मोठ्या क्लबांनी ज्यू सभासदांना दूर करण्याचे ठरवल्याची बातमी त्याने क्रीडापत्रात वाचली होती, आणि त्या क्लबांच्या यादीत त्याच्या लाडक्या क्लबचेही नाव होते. क्लबने हाकलण्याआधी आपणच बाहेर पडावे, असे त्याने ठरवले. पत्रलेखकाचे नाव होते युलियस हिर्श. जर्मनीच्या राष्ट्रीय फुटबॉल संघातून खेळलेल्या दोन ज्यू खेळाडूंपैकी ते एक.

हिर्श यांचा जन्म ७ एप्रिल १८९२ रोजी आखर्न या गावी एका व्यापारी कुटुंबात झाला. त्या काळी जर्मनीत फुटबॉल हा इंग्लंडहून आलेला नवा खेळ होता. कसरती आणि कवायतींचा अभिमान बाळगणाऱ्या जुन्या क्रीडाशिक्षकांना तो परका वाटे, तरुणांना मात्र त्याने झपाटून टाकले होते. कार्ल्सरूह हे या वेडाचे एक प्रमुख केंद्र. तिथल्या कार्ल्सरूहर फुटबॉल क्लबला विल्यम टाउनली या इंग्रज प्रशिक्षकाने आखूड व अचूक पासांचा खेळ शिकवला. हिर्श डाव्या पायाने खेळत. चेंडूवर हुकमत आणि जोरदार फटका ही त्यांची वैशिष्ट्ये. सतराव्या वर्षीच ते मुख्य संघात आले आणि आघाडीच्या फळीत डाव्या बाजूला स्थिरावले. गॉटफ्रीड फुक्स आणि फ्रिट्झ फर्डरर यांच्यासह त्यांचे त्रिकूट साऱ्या देशात गाजू लागले. फुक्सही ज्यू होते.

१९१० मध्ये अंतिम सामन्यात होल्स्टाइन कील संघाला जादा वेळेत १-० असे हरवून कार्ल्सरूहने राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. हिर्श तेव्हा जेमतेम अठरा वर्षांचे होते. पुढच्या वर्षी डिसेंबरमध्ये हंगेरीविरुद्ध म्युनिक येथे ते राष्ट्रीय संघातून प्रथम खेळले. पण त्यांचे नाव खऱ्या अर्थाने सर्वतोमुखी झाले ते २४ मार्च १९१२ रोजी. त्या दिवशी झ्वोल येथे नेदरलँड्सविरुद्धचा सामना ५-५ असा बरोबरीत सुटला. जर्मनीच्या पाच गोलांपैकी चार हिर्श यांचे होते आणि पाचवा फुक्स यांचा. एका आंतरराष्ट्रीय सामन्यात चार गोल करणारे हिर्श हे पहिले जर्मन खेळाडू ठरले. त्याच उन्हाळ्यात दोघे मित्र स्टॉकहोम ऑलिंपिकला गेले. तिथे रशियाविरुद्धच्या १६-० अशा विजयात फुक्स यांनी एकट्याने दहा गोल केले. त्या सामन्यात हिर्श संघात नव्हते, मात्र ऑस्ट्रियाविरुद्धच्या सामन्यात ते खेळले.

१९१३ मध्ये ते फ्यूर्टच्या क्लबात गेले. पुढच्याच वर्षी फ्यूर्टने लाइपझिगच्या बलाढ्य संघाला ३-२ असे नमवून विजेतेपद पटकावले. निर्णायक गोल होईपर्यंत खेळ सुरूच ठेवण्याचा तेव्हा नियम असल्यामुळे हा अंतिम सामना दीडशेहून अधिक मिनिटे चालला. दोन वेगवेगळ्या क्लबांतून राष्ट्रीय विजेतेपद मिळवण्याचा मान हिर्श यांना बाविसाव्या वर्षी मिळाला. त्यानंतर दोनच महिन्यांनी महायुद्ध सुरू झाले आणि ऐन बहरातल्या त्या पिढीची मैदाने ओस पडली.

हिर्श सैन्यात दाखल झाले. त्यांचे तीन भाऊही युद्धात होते, त्यांतील लिओपोल्ड १९१८ मध्ये रणांगणावर मारला गेला. हिर्श यांना शौर्याबद्दल आयर्न क्रॉस मिळाला. युद्ध संपल्यावर ते पुन्हा कार्ल्सरूहच्या संघात परतले. १९२० मध्ये त्यांनी एला हाउझर या ख्रिश्चन तरुणीशी विवाह केला. हायनोल्ड आणि एस्थर ही त्यांची दोन मुले. खेळणे थांबल्यावरही त्यांचे मैदानाशी असलेले नाते तुटले नाही. वडिलांकडून आलेला झेंडे तयार करण्याचा कारखाना ते भावासह सांभाळत होते. राष्ट्रीय संघातून सात सामने आणि चार गोल अशी त्यांची कामगिरी नोंदली गेली होती. गावात मान होता, ओळख होती. आपण जर्मन आहोत याविषयी त्यांच्या मनात कधी किंतु आला नसावा.

१९३३ हे वर्ष या साऱ्यावर घाला घेऊन आले. जानेवारीत हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी कारखान्याचे दिवाळे निघाले. एप्रिलमध्ये दक्षिण जर्मनीतील चौदा क्लबांनी नव्या सरकारला साथ देण्याचे, विशेषतः ज्यूंना क्लबांतून दूर करण्याच्या कामी मदत करण्याचे निवेदन प्रसिद्ध केले. अशी कृती करण्यास भाग पाडणारा कोणताही कायदा तोवर झालेला नव्हता. निवेदनावर कार्ल्सरूहचे नाव होते आणि फ्यूर्टचेही. ज्या दोन क्लबांना हिर्श यांनी विजेतेपद मिळवून दिले होते, ते दोन्ही या यादीत होते.

राजीनाम्याच्या त्या पत्रात संताप नव्हता. जड अंतःकरणाने आपण क्लब सोडत असल्याचे त्यांनी लिहिले. जर्मनीवर मनापासून प्रेम करणारे आणि तिच्यासाठी रक्त सांडलेले ज्यूही आहेत, एवढेच त्यांना सांगायचे होते. पुरावा म्हणून त्यांनी आपल्या भावांच्या युद्धसेवेचा तपशील दिला. आपण देशाचे आहोत हे सिद्ध करण्याची वेळ देशासाठी खेळलेल्या आणि लढलेल्या माणसावर यावी, ही या पत्राची खरी वेदना आहे.

त्यानंतरची वर्षे उपजीविकेसाठी वणवण करण्यात गेली. काही काळ त्यांनी फ्रान्समधील अल्सास प्रांतात प्रशिक्षक म्हणून काम केले. कार्ल्सरूहमधील ज्यूंच्या क्रीडासंस्थेत ते खेळले, शिकवले. पुढे एका कागद कारखान्यात कारकुनी केली, तीही नोकरी गेली. १९३८ मध्ये पॅरिसला बहिणीकडे जाऊन परतताना, खचलेल्या अवस्थेत त्यांनी आत्महत्येचा प्रयत्न केला. फ्रान्समधील मनोरुग्णालयात काही काळ उपचार घेऊन ते घरी परतले. त्यानंतर त्यांच्या वाट्याला सक्तीची मजुरी आली. एकेकाळी राष्ट्रीय संघात चमकलेला हा खेळाडू शहराच्या कचरा डेपोवर राबू लागला.

त्यांचा मित्र फुक्स याने १९३७ मध्येच देश सोडला होता आणि तो पुढे कॅनडात पोचला. हिर्श मात्र मागे राहिले. १९३९ मध्ये जर्मनीच्या आजवरच्या राष्ट्रीय खेळाडूंच्या छायाचित्रांचा एक संग्रह निघाला. त्यात हिर्श आणि फुक्स या दोघांची छायाचित्रे नव्हती. ज्यांचे गोल अधिकृत दफ्तरात होते, त्यांचे चेहरे प्रेक्षकांच्या आठवणीतून पुसण्याचा हा उद्योग होता.

ख्रिश्चन पत्नीमुळे हिर्श यांना आजवर थोडेफार संरक्षण होते. १९४२ मध्ये त्यांचा घटस्फोट झाला. आपल्यापासून वेगळे झाल्यास पत्नी आणि मुले सुरक्षित राहतील, ही त्यामागची आशा होती. पण त्यामुळे त्यांचे स्वतःचे उरलेसुरले कवच गळून पडले. १ मार्च १९४३ रोजी कार्ल्सरूहच्या रेल्वे स्थानकावरून त्यांना पूर्वेकडे जाणाऱ्या गाडीत बसवण्यात आले. निरोप द्यायला एस्थर आली होती. वाटेत डॉर्टमुंडहून त्यांनी तिला पंधराव्या वाढदिवसाच्या शुभेच्छांचे कार्ड पाठवले. त्यावर ३ मार्चचा शिक्का होता. त्यांच्याकडून आलेला हा अखेरचा शब्द. गाडी आऊश्वित्झला गेली. तिथे त्यांचा मृत्यू नेमका कोणत्या दिवशी झाला, याची नोंद नाही. १९५० मध्ये न्यायालयाने ८ मे १९४५ हा दिवस त्यांचा मृत्युदिन ठरवला. ज्या मुलांना वाचवण्यासाठी त्यांनी घर सोडले, त्या हायनोल्ड आणि एस्थर यांनाही फेब्रुवारी १९४५ मध्ये तेरेझिनश्टाटच्या छावणीत नेण्यात आले. सुदैवाने रशियन सैन्य येईपर्यंत दोघे तग धरून राहिले.

युद्धानंतर जर्मन फुटबॉल पुन्हा उभे राहिले, १९५४ मध्ये विश्वविजेतेही झाले. पण या विषयावरचे मौन लवकर सुटले नाही. १९७२ मध्ये म्युनिकच्या नव्या ऑलिंपिक स्टेडियममधील सामन्यासाठी फुक्स यांना पाहुणे म्हणून बोलवावे, अशी सूचना विश्वविजेत्या संघाचे प्रशिक्षक झेप हर्बर्गर यांनी केली होती. महासंघाने ती नाकारली. तो नकार कॅनडात कळण्याआधीच फुक्स यांचे निधन झाले होते.

महासंघाने नाझी काळातील आपल्या वर्तनाचा अभ्यास इतिहासकाराकडे सोपवला आणि त्याचा ग्रंथ २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच वर्षी युलियस हिर्श पुरस्कार सुरू झाला. वंशद्वेष आणि ज्यूद्वेष यांच्याविरुद्ध मैदानावर व मैदानाबाहेर काम करणाऱ्यांना तो दिला जातो. कार्ल्सरूहमध्ये त्यांच्या नावाची पितळी स्मृतिशिळाही फुटपाथवर बसवलेली आहे.

नाव परत आले, याचे समाधान आहेच. परंतु हिर्श यांचे आयुष्य केवळ नाझींच्या क्रौर्याची कहाणी म्हणून वाचले, तर त्यातला महत्त्वाचा धडा निसटतो. त्यांना पहिला धक्का दिला तो सैनिकांनी किंवा पोलिसांनी नव्हे. ज्यांच्या कार्यालयांत त्यांनी जिंकलेले चषक मांडलेले होते, त्या क्लबांनीच कोणी सक्ती करण्यापूर्वी एका कागदावर सही केली होती.